बॉबिनची शिकवणी

कतारगामात मी खोली बघायला गेलो तेव्हा घरमालकांनी मला गाव विचारलं नाही, आडनाव विचारलं नाही, लग्न झालंय का हेही विचारलं नाही. खाटेवर बसवलं, माझ्या तोंडाकडे टक लावून पाहिलं आणि एकच प्रश्न केला, तोही इतक्या मोठ्यानं की खालच्या मजल्यावर कुणाच्या तरी हातून भांडं पडलं.

"तुमचे कान चांगले आहेत का?"

मी म्हटलं, आहेत.

"मग राहा."

सुरतेत प्लेग येऊन गेल्याला तेव्हा वर्ष-दीड वर्ष झालं असेल. मी साताऱ्याकडचा. उधन्याच्या एका प्रिंटिंग मिलमध्ये रंग जुळवण्याच्या कामावर नुकताच लागलो होतो. नोकरी डोळे तपासून मिळाली होती, खोली कान तपासून मिळाली.

घरमालकांना सगळे मास्तर म्हणत; शाळेतले मास्तर नव्हेत, यंत्रमागावरचे. सतराव्या वर्षी नंदुरबारकडून सुरतेला आले आणि तीस-पस्तीस वर्षं मागांच्या खडखडाटात उभे राहिले. तिथं कुणी कुणाचं ऐकत नसे, सगळे ओठ वाचत आणि हातवारे करत. काम सुटलं तोवर मास्तरांचे दोन्ही कान जवळजवळ गेले होते, पण त्यांना त्याचं काही वाटत नसे. उलट रस्त्याच्या पलीकडे दोन माणसं काय कुजबुजताहेत ते मास्तर अलीकडून सांगत. त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं: "मला ऐकू आलं नाही म्हणजे झालं नाही." दार वाजलं नाही, कुकरची शिट्टी झाली नाही, बायकोनं हाक मारली नाही. यातलं काहीच कधी होत नसे.

आणि बॉबिन रडत नसे.

बॉबिन हे त्यांचं कुत्रं. भुऱ्या रंगाचं, मागावरच्या सूत भरलेल्या बॉबिनसारखं मधे फुगीर, दोन्ही टोकांना निमुळतं; बंद पडलेल्या मागाखाली सापडलेलं, म्हणून हे नाव. मास्तरांनी चपला घातल्या की ते नाकातून कुंईकुंई सुरू करी आणि मास्तर परत येईपर्यंत थांबत नसे. मास्तर सकाळी दोन तास आणि दुपारी दोन तास जुन्या दोस्तांबरोबर चहा प्यायला जात. म्हणजे रोज चार तास ते बारीक, तारेसारखं रडणं सगळी इमारत ऐकत असे, एक मास्तर सोडून.

काकू, म्हणजे मास्तरांच्या बायको, घरीच साड्यांचे धागे कापण्याचं काम करत. कुत्रं फारच रडायला लागलं की त्या भाकरीचा तुकडा टाकत. मला त्यांच्या अहिराणीत म्हणायच्या, "बापू, ह्याले कान नही, त्याले तोंड शे. मी कोठे जाऊ?"

खाली रमणभाई राहत. ते घरी बसून बारीक हिऱ्यांची निवड करत. पांढऱ्या कागदावर मोहरीएवढे, त्याहूनही लहान हिरे पसरायचे आणि चिमट्यानं एकेक उचलून डोळ्याशी न्यायचा. एका दुपारी वरून कुंई झालं, चिमटा हलला आणि हिरा उडाला. "मारो हीरो! कोई हलशो नहीं!" अशी आरोळी आली. मी जिन्यात एक पाय वर उचललेला होतो, तो तसाच ठेवून उभा राहिलो. दोन तास इमारतीतली सगळी माणसं फडकी, पिसं आणि बॅटऱ्या घेऊन जमिनीवर रांगत होती. शेवटी हिरा सापडला तो रमणभाईंच्याच मिशीत.

ते तसेच वर आले. "मास्तर, आ तमारो कूतरो मने गांडो करी नाखशे! एक महिनो. पछी कामरेज." म्हणजे हे कुत्रं त्यांना वेडं करून सोडणार, आणि महिन्याभरात त्याचा आवाज बंद झाला नाही, तर ते स्वतः त्याला रिक्षात घालून कामरेजच्या पलीकडे हायवेवर सोडून येणार.

मास्तरांनी ओठ वाचले. मग माझ्याकडे वळून विचारलं, "हा खरंच रडतो का?"

मी मान डोलावली. माझे कान त्यांनी याच कामासाठी घरात ठेवून घेतले होते, हे मला तेव्हा कळलं. काकू आणि शेजारी बरीच वर्षं सांगत होते, पण मास्तरांना तिऱ्हाईत साक्षीदार हवा होता. त्यांचा चेहरा पडला. बॉबिनला त्यांनी मांडीवर घेतलं, त्याच्या नाकाला बोट लावलं आणि ती थरथर बोटाला लागल्यावर हळूच म्हणाले, "हो रे." हळूच बोललेलं मी त्यांच्या तोंडून पहिल्यांदाच ऐकलं.

दुसऱ्या दिवशी ते बॉबिनला कामरेजलाच घेऊन गेले, पण सोडायला नाही, दाखवायला. तिथं म्हशींवर उपचार करणारा एक डॉक्टर होता. त्यानं आधी कुत्र्याचे कान, पोट, दात सगळं तपासलं. काही दुखत नाहीये, म्हणाला. मग म्हणाला, "रडला की भाकरी मिळते. म्हणजे घरात शिकवणी चालूच आहे, फक्त उलटी. आता तो गप्प असेल तेव्हा द्या, आणि लगेच द्या. रडला तर बघूच नका. मारायचं नाही, ओरडायचं नाही. पाहिजे त्याला बक्षीस, नको त्याला पाठ."

मास्तरांनी आयुष्यात पुष्कळ उपदेश ऐकला नव्हता. हा त्यांनी ओठांवरून वाचला आणि तो त्यांच्यात थेट उतरला.

डॉक्टर म्हणाला होता, बक्षीस भाकरीपेक्षा चांगलं हवं. मास्तरांनी सुके बोंबील आणले. तासाभरात रमणभाईंची आई नाकाला पदर लावून जिन्यात बसली आणि रमणभाईंनी कळवलं की यापेक्षा रडणं बरं. मग नानखटाई ठरली. तिचे हरभऱ्याएवढे तुकडे करून मास्तरांनी सदऱ्याच्या उजव्या खिशात भरले. त्या खिशावर तुपाचा डाग पडला तो कायमचा, आणि मास्तर जिथं बसत तिथं पाच मिनिटांत मुंग्यांची रांग लागे.

पण बॉबिन गप्प झाला हे मास्तरांना कळणार कसं? तिथं मी. सकाळपाळी करून मी दोनला घरी येई. जेवलो की मास्तरांच्या खाटेवर बसायचं, कुत्र्याचा आवाज बंद झाला की हात वर करायचा. हात वर झाला की मास्तर तुकडा टाकत.

चौथ्या दिवशी घोटाळा लक्षात आला. बॉबिन "कुंई" करी, थांबे, आणि माझ्या हाताकडे बघे. तुकडा खाल्ला की पुन्हा "कुंई", पुन्हा थांबणं. पूर्वी तो दुःखानं रडत असे, आता कामावर आल्यासारखा रडायला लागला होता. काकू धागे कापता कापता म्हणाल्या, "कुत्रा हुशार शे. तुम्हले दोन्हीसले शिकाडी टाकं त्यानं."

म्हणून पद्धत बदलली. रडण्याच्या आधीच हात वर करायचा. पाच मोजेपर्यंत गप्प, तुकडा. मग दहा, मग पन्नास. हे जमलं. पण चपला दिसल्या की सगळं मुसळ केरात.

तेव्हा मास्तरांनी चपलांचीच भीती घालवायची ठरवलं. ते दिवसभर चपला घालून घरात बसू लागले. जेवताना चपला, दाढी करताना चपला. बाहेर जाताना मात्र अनवाणी निघत आणि चपला पिशवीतून नेत. छत्री, कुलूप, टोपी, बाहेर जाण्याच्या सगळ्या वस्तू त्यांनी अंगावर बाळगल्या. काकूंच्या नात्यातले एक गृहस्थ भेटायला आले होते. मास्तर टोपी चढवून, छत्री घेऊन दारापर्यंत गेले आणि परत येऊन बसले. पाहुणे बिचारे ताडकन उठले, "तुम्हाला निघायचंय का?" मास्तर म्हणाले, "छे, बसा." पाच मिनिटांनी पुन्हा टोपी, पुन्हा छत्री, पुन्हा दार. चौथ्या खेपेला पाहुण्यांनी चहा अर्धा ठेवला आणि निघून गेले. गावी त्यांनी सांगितलं की मास्तरांच्या डोक्यावर परिणाम झालाय.

पुढची पायरी खरोखर बाहेर जाण्याची. आधी दाराबाहेर एक पाऊल आणि परत. मग तीन पावलं. मग जिन्याचं वळण, फाटक, पानाचं दुकान. मी गॅलरीत उभा. कुत्रं गप्प असलं की हात वर, मग मास्तर आणखी दहा पावलं पुढं जात. रडलं की हात खाली, मग ते जागच्या जागी थांबत आणि आभाळाकडे बघत. रस्त्यावरच्या लोकांना वाटे मी हात करतोय. निम्मी गल्ली मला उलट हात करू लागली. पानवाला मास्तरांना रोज विचारी, "मास्तर, शुं भूली गया?" मास्तर म्हणत, "काही नाही. परत जाण्यासाठी आलोय."

याच दिवसांत ती पद्धत माणसांवर सुरू झाली.

रमणभाई एकदा तावातावानं वर आले. ते बोलू लागताच मास्तरांनी त्यांच्याकडे पाठ केली आणि भिंतीकडे बघत उभे राहिले. रमणभाई मोठ्यानं बोलले, मास्तर हलले नाहीत. आणखी मोठ्यानं बोलले. भिंत. शेवटी दमून गप्प झाले. मी सवयीनं हात वर केला. मास्तर वळले, प्रेमानं हसले आणि रमणभाईंच्या तळहातावर नानखटाईचा तुकडा ठेवला. रमणभाईंनी गोंधळून तो खाल्ला. पुन्हा बोलू लागले, पुन्हा पाठ, पुन्हा गप्प, पुन्हा तुकडा. तिसऱ्या तुकड्याला त्यांचा हात आपणहून पुढे आला, आणि तो मधेच थांबला. "अरे! हूं कांई कूतरो छूं?" असं म्हणून ते धाडधाड खाली गेले. पण तुकडा नेला.

महिना संपला त्या दिवशी परीक्षा झाली. मास्तर टोपी घालून, आता चपलाही पायात घालून, सर्वांदेखत चहाला गेले. रमणभाई चिमटा हातात धरून खुर्चीवर बसले. बॉबिन दाराशी गेला, चौकट हुंगली, माझ्याकडे पाहिलं, काकूंकडे पाहिलं, आणि धाग्यांच्या ढिगावर अंग टाकून झोपला. दीड तास. रमणभाई उठले, काकूंना म्हणाले, "सारुं," म्हणजे ठीक, आणि गेले. मास्तर परत आले तेव्हा मी दोन्ही हात वर केले. ते दारातच खाली बसले. हसू येत होतं की रडू, ते त्यांनाच ठरवता येईना.

इथं ही गोष्ट संपली असती. पण दोंडाईच्याला काकूंच्या धाकट्या बहिणीचा पाय मोडला आणि काकूंना महिनाभरासाठी तिकडे जावं लागलं. निघताना त्यांनी मास्तरांना डाळीचे डबे दाखवले, मला गॅसचं बटण दाखवलं, आणि जिन्यात क्षणभर थांबून माझ्याकडे पाहिलं. काहीतरी सांगायचं होतं. सांगितलं नाही.

चौथ्या दिवशी दुपारी मी जेवत होतो. भिंतीपलीकडून तोच आवाज आला. बारीक, नाकातला, तारेसारखा. माझा घास हातातच राहिला. एवढी मेहनत केली ती गेली म्हणायची. खालून रमणभाईंची पावलं जिना चढू लागली. मी बाहेर आलो तोवर ते दारात होते, हातात चिमटा तसाच. आम्ही दोघं एकदमच आत शिरलो.

बॉबिन फरशीवर पडला होता. हनुवटी पुढच्या पायांवर, तोंड घट्ट मिटलेलं, डोळे मास्तरांवर. मास्तर खाटेवर बसून मटार सोलत होते. दाणे ताटलीत टाकत होते, टरफलं मांडीवर. आणि आवाज त्यांच्या नाकातून येत होता.

"आ तो मास्तर छे!" रमणभाई म्हणाले.

मास्तरांनी वर पाहिलं. आवाज बंद झाला. आमचे चेहरे बघून ते घाबरले. "काय झालं? बॉबिन रडला?"

मी रमणभाईंकडे पाहिलं. ज्या माणसाला हे कुत्रं हायवेवर सोडायचं होतं, त्यानं चिमटा पाठीमागं लपवला, खाकरला आणि म्हणाला, "हा. थोडो. थोडोज."

मास्तरांनी ताटली खाली ठेवली. "तुमची काकू गेली ना," ते म्हणाले. "मुकं जनावर. त्याला काय समजवायचं? आपण माणसं. मी राहिलोच आहे की गुपचूप."

त्यांना खरं सांगायचं असं ठरवून मी संध्याकाळी दोनदा त्यांच्यासमोर जाऊन बसलो. पण ते ओठ वाचणार म्हणजे माझ्या तोंडाकडे बघत बसणार, आणि तसं कुणी बघत असताना "मास्तर, रडता तुम्ही" हे म्हणवत नाही. मी डाळीत मीठ जास्त झालं एवढंच म्हटलं.

दुसऱ्या दिवसापासून बॉबिनची शिकवणी पुन्हा सुरू झाली. मास्तरांनी नवी नानखटाई आणली. मी पुन्हा खाटेवर. मास्तर कुंईकुंई करत, त्यांचं त्यांना कळत नसे. ते थांबले की मी हात वर करी, आणि मास्तर बॉबिनला तुकडा टाकत. मास्तर गप्प बसले म्हणून कुत्र्याला बक्षीस, असा तो प्रकार होता. त्यात कुणाला काय शिकायला मिळणार, हे मला समजत नव्हतं. हात खाली ठेवायची हिंमत नव्हती म्हणून मी हात वर करत होतो.

बॉबिनला मात्र समजत होतं. तो एक आठवडा नुसता बघत राहिला. आठव्या दिवशी मास्तरांच्या नाकातून सूर निघाला तसा तो उठला, खाटेशी आला आणि उजवा पंजा मास्तरांच्या गुडघ्यावर ठेवला. मास्तरांनी खाली पाहिलं. सूर थांबला. माझा हात वर गेला. तुकडा पडला.

त्यानंतर त्याला कुणी काही सांगावं लागलं नाही. सूर निघाला की पंजा. मग सूर निघण्याच्या बेतात असला तरी पंजा. मास्तर म्हणत, "बघा, कसा लळा लागलाय," आणि त्याच्या पाठीवर हात फिरवत बसत. हात फिरवताना त्यांच्या नाकातून आवाज येत नसे. तिसऱ्या आठवड्यात सगळी दुपार गप्प जाऊ लागली. रमणभाई खाली हिरे निवडत, आणि रोज चारच्या सुमाराला त्यांच्याकडून स्टीलच्या डब्यात नानखटाई वर येई. कारण ते कधी बोलले नाहीत. बॉबिन इतका सुटला की मधे फुगीर आणि टोकांना निमुळता हा आकारच गेला. तो सगळाच फुगीर झाला.

महिन्यानं काकू आल्या. पिशव्या खाली ठेवायच्या आधी त्यांनी कुत्र्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "माय व! ह्याले काय व्हयनं?"

मास्तर अभिमानानं म्हणाले, "सुधारला. पहिले दिवस फार रडला, मग मी गप्प बसवला."

दुसऱ्या दिवशी मास्तर चहाला गेल्यावर त्यांनी मला बोलावलं, धाग्यांची कात्री बाजूला ठेवली आणि विचारलं, "बापू, रडना का?"

"नाही काकू, बॉबिन अजिबात—"

"बॉबिननं नही इचारत मी."

मी सगळं सांगितलं. मटार, पंजा, रमणभाईंचा डबा. काकू ऐकता ऐकता हसायला लागल्या. हसता हसता डोळे पुसले.

मग त्यांनी सांगितलं. लग्नानंतर पहिल्या बाळंतपणाला त्या माहेरी गेल्या, तर अकराव्या दिवशी सासूनं माणूस पाठवला: तुझा नवरा दिवसभर नाकातून कण्हतो, गल्लीत कुणाला झोप नाही, बाळ घेऊन ये. तेव्हा मास्तरांचे कान शाबूत होते, तरी त्यांना पत्ता नव्हता. त्यांचं म्हणणं, मी गाणं म्हणतो. त्या दिवसापासून काकू माहेरी एका रात्रीहून जास्त राहिल्या नाहीत. आईच्या दुखण्याला नाही, भावाच्या लग्नालाही नाही. सकाळच्या गाडीनं जायचं, दुसऱ्या दिवशी परत. नवऱ्याला हे कधी बोलून दाखवलं नाही. त्याला वाटे, बायकोला माहेरची ओढच नाही. या वेळीही बहिणीकडे महिनाभर त्यांचा जीव टांगणीला होता, की आता कुणीतरी बोलवायला येईल.

"कुणी उनंच नही," त्या म्हणाल्या. कुणी आलंच नाही.

पुढच्या सोमवारी सकाळी काकू नवी साडी नेसून, लहानशी पिशवी घेऊन दारात उभ्या राहिल्या. चलथाणला साखर कारखान्याच्या वसाहतीत त्यांची मामेबहीण राहत होती. मास्तरांनी जिन्यावरून गर्जना केली, "तिथं काय काम निघालं?"

काकूंनी मागं वळून, त्यांना ओठ नीट दिसतील असं तोंड करून, सावकाश सांगितलं, "काहीच काम नही. म्हनीसन जास." काम नाही, म्हणूनच जाते.

चार दिवसांत येते म्हणून गेल्या, त्या नवव्या दिवशी आल्या. चेहरा तुकतुकीत झाला होता. मी पिशवी घ्यायला खाली गेलो होतो. जिना चढताना विचारलं, "काकू, काय केलं इतके दिवस?"

त्या वळणावर थांबल्या. थोडा विचार केला.

"झोपनू," त्या म्हणाल्या. "रोज दुपारले झोपनू."